जुन्नरची शांत बुद्ध लेणी : नाशिकहून एका दिवसाची अभ्यास सहल

अजिंठा, वेरूळ आणि कार्ला ही नावे आपल्या समाजात घराघरांत पोहोचली आहेत. दीक्षाभूमी, चैत्यभूमी आणि येवल्याची मुक्तिभूमी इथे आपण दरवर्षी जातो. गेल्या काही वर्षांत तर बोधगया, सारनाथच्या पलीकडे थायलंड, कंबोडियापर्यंत आपली माणसे सहलीला जाऊ लागली आहेत. मात्र लेण्यांची संख्या पाहिली तर जुन्नर तालुक्याएवढी लेणी देशात दुसऱ्या कुठल्याही तालुक्यात नाहीत, आणि तिथे फक्त लेण्यांसाठी गेलेली माणसे वस्तीवस्तीत विचारले तरी मोजकीच सापडतात. बाकीचे शिवनेरीवर शिवरायांच्या जन्मस्थानाला वंदन करायला किंवा अष्टविनायकाच्या यात्रेत लेण्याद्रीला गेलेले असतात. समोरच्या डोंगरातली दारे त्यांनी पाहिलेली असतात, पण ती कोणी कोरली आणि कोणासाठी, हे सांगणारे बरोबर कोणी नसते.

जाणकार मार्गदर्शक सोबत घेऊन नाशिकहून एका दिवसात जुन्नरची तीन लेणी-ठिकाणे नीट पाहता येतात. पूर्वतयारी, मार्ग, काय पाहायचे, मार्गदर्शक कसा निवडायचा आणि कोणती पथ्ये पाळायची, याची माहिती या लेखात दिली आहे. महिला मंडळ, विहार समिती, अभ्यासिका, बचत गट यांना सहल आखताना ती उपयोगी पडेल.

जुन्नर का?

सातवाहन काळात जुन्नर ही मोठी व्यापारी पेठ होती. कल्याण बंदरात उतरलेला माल नाणेघाट चढून घाटमाथ्यावर येई आणि जुन्नरमार्गे पैठणकडे, पुढे देशभर जाई. नाणेघाटातले सातवाहनांचे लेणे, तिथला शिलालेख आणि जकातीचा म्हणून सांगितला जाणारा दगडी रांजण आजही पाहता येतो. व्यापारी तांड्यांना मुक्काम हवा असे. भिक्खूसंघाला वर्षावासासाठी निवारा आणि भिक्षेसाठी जवळ गाव लागे. व्यापारी रस्ता, घाट आणि लेणी ही जोडी महाराष्ट्रात सगळीकडे दिसते, ती यामुळेच.

इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकापासून इसवी सनाच्या तिसऱ्या शतकापर्यंत जुन्नरभोवतीच्या डोंगरांत कोरीव काम चालू होते. चैत्यगृहे, विहार, पाण्याची टाकी आणि एकेका भिक्खूच्या खोल्या अशी सगळी मिळून इथली संख्या दोनशेच्या आसपास जाते. लेण्याद्री, तुळजा, मानमोडी आणि शिवनेरी हे त्यातले प्रमुख गट. अजिंठ्यासारखी भित्तिचित्रे किंवा वेरूळसारख्या भव्य मूर्ती इथे शोधू नयेत. ही बहुतेक लेणी बुद्धमूर्तीच्या आधीच्या काळातली आहेत. स्तूप हेच वंदनाचे स्थान आणि भिंती साध्या. इथले खरे धन म्हणजे शिलालेख.

लेख मोठ्याने वाचण्यासाठी होते

सहलीला निघण्यापूर्वी एक अर्धा दिवस नाशिकच्या त्रिरश्मी बुद्ध लेण्यांसाठी ठेवावा. बहुतेक लोक या लेण्यांना पांडवलेणी म्हणतात. पांडवांशी त्यांचा संबंध सांगणारा एकही शिलालेख इथे नाही. डोंगराचे जुने नाव मात्र लेखांतच कोरलेले आहे : तिरण्हु, म्हणजे त्रिरश्मी. पाथर्डी फाट्याजवळ महामार्गाला लागून असलेल्या या डोंगरात २४ लेणी आहेत. पायथ्याशी फाळके स्मारक आणि बुद्ध विहार असल्याने गाडी लावायची, बसायची सोय होते.

जुन्नरला जाण्याआधी त्रिरश्मीला जायचे ते लेख कसे वाचायचे हे शिकण्यासाठी. इथले लेख लांब, तपशीलवार आणि बऱ्याच अंशी सुस्थितीत आहेत. १० क्रमांकाच्या लेण्यात क्षहरात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने हे लेणे भिक्खूसंघाला दिले आणि त्याच्या खर्चाची सोय म्हणून ३,००० कार्षापण गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेव म्हणून ठेवले. एका श्रेणीकडे २,००० कार्षापण दरमहा शेकडा १ दराने, दुसरीकडे १,००० कार्षापण दरमहा शेकडा पाऊण दराने. मुद्दल परत घ्यायचे नाही, फक्त व्याज वापरायचे, अशी अट आहे. पहिल्या ठेवीतून लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंना प्रत्येकी १२ कार्षापण चीवरासाठी द्यायचे होते.

आता हिशेब करून पाहा. २,००० वर दरमहा शेकडा १ म्हणजे महिन्याला २० आणि वर्षाला २४० कार्षापण. वीस भिक्खूंना प्रत्येकी १२ दिले की बरोबर २४० होतात. सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीचा हा ताळेबंद आजही पैशापैशाला जुळतो. बचत गटाच्या बैठकीत व्याजाचा हिशेब ठेवणाऱ्या कोणत्याही ताईला हा लेख शिकवायची गरज पडत नाही, एकदा अर्थ सांगितला की ती स्वतःच पुढचे गणित मांडते.

याच लेखात आणखी एक गोष्ट नोंदवली आहे. हे दान निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, सर्वांना ऐकवले गेले आणि रिवाजाप्रमाणे दप्तरी नोंदवले गेले. आपल्या सहलीचा पाया इथे आहे. दानाचा हा मजकूर चार लोकांसमोर वाचला जात होता, दगडावर कोरला तो कायमच्या पुराव्यासाठी. लेण्यात जाऊन फोटो काढून परत येणे ही अर्धीच भेट होते. लेखाखाली उभे राहून दात्याचे नाव, गाव, व्यवसाय आणि दान मोठ्याने वाचले की भेट पूर्ण होते.

याच १० क्रमांकाच्या लेण्याच्या अंगणात आभीर राजा ईश्वरसेनाच्या ९ व्या राज्यवर्षातला लेख आहे. दाती आहे विष्णुदत्ता. ती स्वतःला शकनिका आणि उपासिका म्हणवते. तिने त्रिरश्मीवर राहणाऱ्या भिक्खूसंघातल्या आजारी भिक्खूंच्या औषधासाठी कायमची ठेव ठेवली. ठेव घेणाऱ्यांत कुंभारांची, पाण्याची यंत्रे करणाऱ्यांची आणि तेल गाळणाऱ्यांची श्रेणी होती. आजाऱ्यांच्या औषधासाठी कायम निधी, आणि तो उभा करणारी एक बाई. आरोग्यावर काम करणाऱ्या कार्यकर्त्यांनी हा लेख पाठ करावा.

वेळ उरल्यास १९ क्रमांकाचे छोटे लेणे जरूर पाहा. सातवाहन राजा कण्हाच्या काळातले हे इथले सर्वांत जुने लेणे, श्रमणांची व्यवस्था पाहणाऱ्या नाशिकच्या महामात्राने करवून घेतलेले. १८ क्रमांकाच्या चैत्यगृहाच्या दर्शनी भागावर नाशिकच्या रहिवाशांच्या नावे धंभिक गावाच्या दानाचा लेख आहे. आपल्या शहराचे नाव इतक्या जुन्या अक्षरांत वाचताना मुलांना फार आनंद होतो.

मार्ग, वेळ आणि ऋतू

नाशिक ते जुन्नर अंतर सुमारे १४० किलोमीटर आहे. सिन्नर, संगमनेर, आळेफाटा या पुणे महामार्गाने जाऊन पुढे ओतूरमार्गे किंवा नारायणगावमार्गे जुन्नर गाठता येते. चहाचा थांबा धरून तीन ते साडेतीन तास लागतात. लहान बस किंवा दोन-तीन गाड्या पुरतात. एका मार्गदर्शकामागे २० ते २५ माणसे असावीत. त्याहून जास्त झाली तर मागच्यांना काही ऐकू येत नाही आणि लेण्यात गर्दी होते.

सोयीचे वेळापत्रक असे :

पहाटे ५ : नाशिकहून प्रस्थान
सकाळी ८.३० ते ११ : लेण्याद्री
दुपारी ११.३० ते १ : तुळजा लेणी
१ ते २ : जुन्नरमध्ये जेवण
२.३० ते ५ : मानमोडी
५ वाजता : परतीचा प्रवास, रात्री ९ च्या सुमारास नाशिक

ऑक्टोबर ते फेब्रुवारी हा उत्तम काळ. पावसाळ्यात डोंगर देखणे दिसतात, पण शेवाळामुळे पायवाटा निसरड्या होतात. एप्रिल-मेच्या उन्हात दुपारी मानमोडीचा चढ लहान मुलांना आणि ज्येष्ठांना झेपत नाही.

पहिले ठिकाण : लेण्याद्री

जुन्नरच्या उत्तरेला कुकडी नदीपलीकडे गोळेगावाजवळ हा डोंगर आहे. पायऱ्या तीनशेच्या आसपास. डोंगराच्या एका ओळीत सुमारे तीस लेणी कोरलेली आहेत. गुडघे दुखणाऱ्यांसाठी पायथ्याशी डोली मिळते. माकडे भरपूर आहेत, त्यामुळे खाऊच्या पिशव्या गाडीतच ठेवाव्यात. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे तिकीट काढावे लागते, १५ वर्षांखालील मुलांना ते लागत नाही.

६ क्रमांकाचे लेणे हे इथले मुख्य चैत्यगृह. व्हरांड्यातल्या स्तंभांवर पाठीला पाठ लावून बसलेले हत्ती, बैल, वाघ आहेत. आत गजपृष्ठाकार छत, दोन्ही बाजूंना स्तंभांची रांग आणि शेवटी मूर्ती नसलेला साधा स्तूप. दर्शनी भागावरचा लेख सांगतो की हे चैत्यगृह कल्याणच्या हेरणिकाचा मुलगा सुलसदत्त याचे दान आहे. हेरणिक म्हणजे सोन्याचा व्यवहार करणारा, सोनार किंवा खजिनदार. कल्याणच्या माणसाने घाट ओलांडून जुन्नरला दान का द्यावे, याचे उत्तर नाणेघाटाच्या रस्त्यात आहे.

याच ओळीत सपाट छताचे एक लहान चैत्यगृह आहे. ते आनंद नावाच्या माणसाने दिले. तो स्वतःची ओळख तापस उपासकाचा मुलगा आणि कपिल उपासकाचा नातू अशी देतो. एका कुटुंबात उपासक ही ओळख पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्याची ही नोंद आहे. १९५६ नंतर आपल्या घरांतही आता तिसरी-चौथी पिढी मोठी होते आहे. आजोबांच्या नावापुढे उपासक लिहिणारा हा आनंद आपल्या मुलांना ओळखीचा वाटावा.

७ क्रमांकाचे लेणे इथले सर्वांत मोठे. भलामोठा मंडप, मध्ये एकही खांब नाही आणि तिन्ही बाजूंना मिळून वीस खोल्या. रचना स्पष्टपणे भिक्खूंच्या विहाराची. आज इथे गिरिजात्मज गणपतीचे मंदिर आहे आणि महाराष्ट्रभरातून भाविक येतात. इथे मार्गदर्शकाची खरी कसोटी लागते. मूळ रचना विहाराची आहे, हे त्याने न कचरता आणि पुराव्यानिशी सांगावे. रांगेत उभ्या असलेल्या भाविकांना टोमणे मारू नयेत, वाद घालू नये, मोठ्याने घोषणा देऊ नयेत. खोल्या मोजायला लावल्या की पुढचे बोलणे खोल्याच करतात.

दुसरे ठिकाण : तुळजा लेणी

जुन्नरच्या पश्चिमेला पाच किलोमीटरच्या आत, पाडळी गावाजवळ हा छोटा गट आहे. एका लेण्यात नंतरच्या काळात तुळजाभवानीची स्थापना झाली, त्यावरून हे नाव पडले. तीनही ठिकाणांत सर्वांत शांत जागा हीच. कित्येकदा आपल्याशिवाय दुसरे कोणी नसते.

इथले गोल चैत्यगृह चुकवू नये. मध्यभागी स्तूप, त्याच्याभोवती वर्तुळात बारा साधे अष्टकोनी स्तंभ आणि वर घुमट. खडकात कोरलेली अशी वर्तुळाकार चैत्यगृहे भारतात फार थोडी आहेत. राजस्थानात बैराट येथे विटा-लाकडाच्या अशाच गोल मंदिराचा पाया सापडला आहे, आंध्रात गुंटुपल्लीला गोल चैत्य आहे. तुळजाचे चैत्यगृह इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातले, जुन्नरच्या सर्वांत जुन्या कामांपैकी मानले जाते. दर्शनी भाग कोसळल्यामुळे ते समोरून उघडे पडले आहे, आणि त्यामुळेच आतली रचना उजेडात नीट दिसते.

इथे पंधरा मिनिटे कोणीही बोलू नये. स्तूपाला प्रदक्षिणा घालावी, बसावे, आनापान करावे. मोबाईल बंद. दिवसभराच्या माहितीच्या ओझ्यात ही पंधरा मिनिटे सर्वांत जास्त लक्षात राहतात. विहारात ध्यान करणाऱ्यांना दगडी खोलीतला आवाज आणि थंडावा यांचा अनुभव इथे मिळतो.

तिसरे ठिकाण : मानमोडी

जुन्नर शहराच्या दक्षिणेला हा डोंगर आहे. शिलालेखात त्याचे नाव मानमुकुड असे येते. दोन हजार वर्षांत नाव थोडे झिजले, पण लोकांच्या तोंडून गेले नाही. इथे तीन गट आहेत : भीमाशंकर, अंबा-अंबिका आणि भूतलिंग, ज्याला लोक भूतलेणी म्हणतात. काही लेण्यांपर्यंत नीट वाट नाही. म्हणून वाट ठाऊक असलेला स्थानिक माणूस इथे लागतोच.

भीमाशंकर गटात नहपानाचा अमात्य, वत्स गोत्राचा अयम याने ४६ व्या वर्षी पाण्याचे टाके आणि मंडप दिल्याचा लेख आहे. त्रिरश्मीवर ज्या नहपानाचा जावई भेटला, त्याचाच हा अधिकारी. नाशिक आणि जुन्नर एकाच कारभाराखाली होते, याचा हा थेट पुरावा. म्हणूनच आधी त्रिरश्मी पाहावे असे वर सुचवले.

अंबा-अंबिका गटातले चैत्यगृह अर्धवट राहिले आहे. नंतरच्या काळात इथे जैन मूर्ती कोरल्या गेल्या, नाव त्यांवरून पडले. या चैत्यगृहाच्या ओसरीवर जमिनीच्या दानांचे बरेच लेख आहेत. आडुथुम नावाच्या शक उपासकाने दोन गावांतली जमीन झाडे लावण्यासाठी दिली, एका ठिकाणी करंज आणि दुसऱ्या ठिकाणी वड. एका परदेशी वंशाच्या माणसाने इथल्या डोंगरात झाडांसाठी जमीन सोडून द्यावी, हे वृक्षारोपणाच्या कार्यक्रमात आवर्जून सांगण्यासारखे आहे.

भूतलेण्यांतल्या चैत्यगृहाचा दर्शनी भाग जुन्नरमधला सर्वांत देखणा. मोठी चैत्यकमान, आत अर्धकमळाच्या पाकळ्यांत कोरलेल्या आकृती आणि मधोमध हत्तींसह देवी. आतले काम मात्र अपुरे राहिले. हा दर्शनी भाग चंद नावाच्या यवनाचे दान. यवन म्हणजे ग्रीक किंवा त्या बाजूचा पश्चिमी माणूस. शिवनेरीच्या लेण्यांतही यवनांची दाने आहेत. चिट नावाच्या यवनाने संघाला भोजनमंडप दिला, इरिल नावाच्या यवनाने पाण्याची टाकी दिली. ज्याला पुढच्या काळातल्या शास्त्रांनी म्लेंच्छ ठरवले, तो इथे संघाला जेवणाची जागा आणि पाणी देणारा दाता म्हणून सन्मानाने नोंदलेला आहे.

शिवनेरीची लेणी या दिवसात बसवू नयेत. डोंगराच्या वेगवेगळ्या बाजूंना ती विखुरलेली आहेत, त्यांना वेगळा दिवस द्यावा.

दाते कोण होते?

जुन्नरच्या लेखांत बांबूकाम करणाऱ्यांच्या आणि काशाचे काम करणाऱ्यांच्या श्रेणीकडे ठेवलेल्या ठेवींची नोंद आहे. धान्याच्या व्यापाऱ्यांच्या श्रेणीने स्वतः लेणे आणि टाके दिले. एका लेखात नगरातल्या धम्मुत्तरीय भिक्खुणींच्या उपाश्रयाचा उल्लेख येतो, म्हणजे जुन्नर शहरात भिक्खुणीसंघ राहत होता. नाशिकचे विणकर, कुंभार, तेल गाळणारे त्यात मिळवा.

आजच्या भाषेत ही यादी वाचून पाहा : कोष्टी, कुंभार, तेली, बुरूड, कासार. आज हे शब्द जातीच्या दाखल्यावर येतात. लेण्यांच्या काळात हेच व्यवसाय करणाऱ्यांच्या श्रेणी होत्या आणि राजाचा जावई विश्वासाने त्यांच्याकडे पैसा ठेवत होता. आजच्या या समाजांचे थेट पूर्वज तेच होते, असा दावा शिलालेखांवरून करता येत नाही. मात्र हातांनी काम करणाऱ्यांची पत किती मोठी होती, आणि पुढे त्याच कामांवरून माणसाला उतरंडीत खाली ढकलले गेले, हे दोन्ही इथे समोरासमोर दिसते. जातिव्यवस्था कायमचीच होती, असे सांगणाऱ्याला याहून चांगले उत्तर नाही.

म्हणून माझे आग्रहाचे सांगणे आहे की ही सहल फक्त आपल्या वस्तीपुरती ठेवू नये. लेणी आपला वारसा आहेत, ती वाचवण्याची पहिली जबाबदारी आपली आहे, यात शंका नाही. पण शेजारच्या तेली, कुंभार, कोष्टी, बुरूड कुटुंबांतली मुलेमुली बरोबर घेतली तर लेखांतल्या श्रेणींशी त्यांचे नाते जुळते. ज्याने आपल्या व्यवसायाचे नाव त्या दगडावर वाचले, तो त्या दगडावर नाव खरडणार नाही आणि दुसऱ्याला खरडू देणार नाही. नुसत्या फलकांनी आणि घोषणांनी लेण्यांची राखण होत नाही, ती अशा माणसांनी होते.

शांत जागा, उघडी जागा

शांत ठिकाणांना एक धोकाही असतो. गर्दी नाही म्हणजे लक्ष ठेवणारेही कोणी नाही. कंबोडियाचे उदाहरण घ्या. अंगकोर वाटची गर्दी टाळून आता अनेक प्रवासी लांबची, कमी गजबजलेली ख्मेर मंदिरे पाहायला जातात. त्यांपैकी बान्तेय च्मार हे बौद्ध राजा जयवर्मन सातवा याने बाराव्या शतकाच्या अखेरीस बांधले. त्याच्या भिंतीवर अनेक हातांच्या अवलोकितेश्वराची शिल्पे आहेत. १९९८ मध्ये चोरांनी त्या भिंतीचा मोठा भाग कापून नेला. त्यातले बरेच दगड थायलंडमध्ये पकडले गेले आणि कंबोडियाला परत मिळाले. आज तिथले गावकरीच पाहुण्यांची घरी सोय करतात आणि मंदिर दाखवतात, आणि त्यातून गावाला उत्पन्न मिळते. मंदिर टिकले तर आपली चूल पेटते, हे गावाला कळले की राखण आपोआप होते. याच जयवर्मनच्या काळातल्या, ता प्रोम मंदिरातल्या ११८६ च्या शिलालेखात राज्यातल्या १०२ रुग्णालयांची नोंद आहे. विष्णुदत्तेच्या औषधनिधीची आठवण व्हावी अशीच ती आहे.

जुन्नरला २०१८ मध्ये राज्य सरकारने पर्यटन तालुका म्हणून घोषित केले. त्याचा लाभ लेण्यांपर्यंत पोहोचायचा असेल तर पाडळी, गोळेगाव आणि जुन्नरच्या तरुणांना लेणी दाखवण्यातून काम मिळाले पाहिजे. वाट दाखवणाऱ्या स्थानिक माणसाचे मानधन सहलीच्या खर्चात आधीच धरावे. धम्मकार्य म्हणून त्याच्याकडून फुकट काम करून घेऊ नये. जेवणही जुन्नरमध्येच, शक्य तर महिला बचत गटाकडून घ्यावे.

मार्गदर्शक निवडताना

अलीकडे धम्मलिपी शिकलेले अनेक तरुण लेण्यांचे मार्गदर्शन करू लागले आहेत. ही फार चांगली गोष्ट आहे. ठरवण्यापूर्वी त्यांना पाच प्रश्न विचारावेत.

१. लेख प्रत्यक्ष वाचून दाखवता येतो का, की फक्त पाठ केलेले सांगता?
२. वाचन कोणाचे आहे? १८८१ मध्ये भगवानलाल इंद्रजी आणि बर्जेस यांनी पश्चिम भारतातल्या लेण्यांचे लेख प्रसिद्ध केले, पुढे सेनार आणि ल्यूडर्स यांनी काम केले. त्यांची नावे ठाऊक असलेला मार्गदर्शक सहसा मनाचे सांगत नाही.
३. पुरावा कुठे संपतो आणि अंदाज कुठे सुरू होतो, हे वेगळे करून सांगता का?
४. दुसऱ्या श्रद्धेच्या लोकांसमोर हेच शब्द वापराल का?
५. प्रत्येक लेखाचा देवनागरी पाठ आणि मराठी अर्थ कागदावर द्याल का?

पाचवा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा. कागद हातात असला की प्रत्येकाला एक लेख वाटून देता येतो. लेण्यात पोहोचल्यावर त्याने किंवा तिने तो सर्वांना वाचून दाखवायचा. ज्यांना वाचता येत नाही, त्यांना आदल्या दिवशी पाठ करून घ्यावे. निगमसभेत जे झाले तेच पुन्हा घडते, आणि मार्गदर्शकाचे व्याख्यान ऐकून कंटाळलेली मुलेही जागी होतात.

पथ्ये

लेखावर खडू, पाणी, तेल, पावडर लावू नये. अक्षरे नीट दिसत नसतील तर बाजूने तिरपा टॉर्च धरावा, खाचांत सावली पडून अक्षरे उठून दिसतात.

लेण्यात मेणबत्ती, अगरबत्ती लावू नये. धुराची काजळी दगडात मुरते. वंदना घ्यावी, फुले वाहायची असतील तर परत उचलून आणावीत.

संरक्षित स्मारकाला इजा करणे, नावे कोरणे हा १९५८ च्या पुरातत्त्व कायद्याखाली गुन्हा आहे. २०१० च्या दुरुस्तीनंतर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. निळा झेंडा किंवा पंचशील ध्वज खडकावर रंगवणेही यात येते. ध्वज हातात धरावा.

कड्यांवर आग्या मोहोळ असते. उग्र अत्तर, धूर आणि आरडाओरडा टाळावा. मोहोळ दिसले की आवाज न करता मागे फिरावे.

जुन्नर तालुक्यात बिबट्यांचा वावर आहे. माणिकडोहचे बिबट्या निवारा केंद्र याच तालुक्यात आहे. सूर्यास्तापूर्वी डोंगरावरून खाली यावे, लहान मुलांना एकटे पुढे-मागे सोडू नये.

प्रत्येकी दोन लिटर पाणी, टोपी, चांगली पकड असलेले बूट, टॉर्च आणि प्रथमोपचार पेटी बरोबर असावी. मानमोडीवर पाण्याची आणि स्वच्छतागृहाची सोय धरू नये. महिलांसाठी जुन्नरमधला दुपारचा थांबा पुरेसा वेळ देऊन ठेवावा. हा तपशील आखणीत राहून जातो आणि मग पुढच्या सहलीला बायका येत नाहीत.

परतल्यावर

सहलीनंतरच्या रविवारी विहारात एक तास बैठक घ्यावी. प्रत्येकाने आपल्या वाट्याला आलेल्या दात्याबद्दल दोन मिनिटे बोलावे. कुठे नवे नाव खरडलेले दिसले, कुठे छत गळत होते, कुठे लेख झिजलेला होता, याची फोटोसह यादी करून पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या कार्यालयाला पत्र पाठवावे आणि पोच जपून ठेवावी. पुढच्या वर्षी पुन्हा गेल्यावर तीच यादी तपासावी. उषवदाताच्या दानाची सभेतही वाचणी झाली आणि दप्तरातही नोंद झाली. त्या लेण्यांच्या वारसांनी एवढी दप्तरनोंद ठेवायलाच हवी.